खळ्यावरची दहा मिनिटं

‘डॉक्युमेंट्री’ हा शब्द ऐकला की आपल्यापैकी निम्म्या लोकांना जांभई येते. उरलेल्यांना आधीच येऊन गेलेली असते! आमच्या बाबांच्या पिढीला तर पिक्चर सुरू व्हायच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट सक्तीने बघावा लागायचा. हिरवंगार शेत, डोक्यावर हंडा घेतलेली बाई, आणि वरून एक भारदस्त आवाज सगळं समजावून सांगतोय, असा साधारण थाट. बाबा म्हणतात, आम्ही तेवढ्या वेळात समोसे आणायला जायचो. ही फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झाली आणि २०२२ मध्ये एनएफडीसीत विलीन झाली. समोसे अजून आहेत.

मी ज्या फिल्मबद्दल सांगणार आहे, ती वरवर पाहता त्याच जातीची आहे. शेत, शेतकरी, दहा मिनिटं. फरक एकच, तो वरून बोलणारा आवाज तिच्यात नाही. कोणी काही समजावून सांगत नाही. आणि मित्रांनो, तेवढ्या एका फरकाने सगळी गंमत बदलते. कशी, ते सांगण्यासाठीच हा लेख.

फिल्म कुठली, कोणाची?

फिल्मचं नाव ‘पाराबोला दोरो’. वर्ष १९५५. जागा इटलीच्या दक्षिणेचं सिसिली बेट. दिग्दर्शक व्हित्तोरियो दे सेता. हा पालेर्मोत १९२३ साली जन्मला, रोममध्ये आर्किटेक्चर शिकायला गेला आणि सिनेमात घुसला. (म्हणजे ब्रँच सोडून भलतंच करणारे आपल्याकडेच असतात असं नाही.) १९५४ ते १९५९ या काळात त्याने सिसिली, सार्डिनिया आणि कलाब्रिया या भागांत दहा छोट्या फिल्म्स केल्या. मेस्सिनाच्या सामुद्रधुनीत तलवारमाशाची शिकार करणारे कोळी, गंधकाच्या खाणीतले कामगार, स्ट्रॉम्बोलीचा ज्वालामुखी जागा झाल्यावर त्याच्या पायथ्याशी राहणारे लोक, सार्डिनियाचे मेंढपाळ, आणि आपली ही, गहू कापणाऱ्यांची.

दहाच मिनिटं का? तेव्हा इटलीतही मुख्य चित्रपटाच्या आधी साधारण दहा मिनिटांचे माहितीपट दाखवायची पद्धत होती आणि त्यांना सरकारी मदत मिळायची. त्यामुळे असे माहितीपट ढिगाने निघत. त्यातल्या बहुतेकांत एक निवेदक आणि एक वाद्यवृंद असे. दे सेताने दोन्ही काढून टाकलं. सुरुवातीला दोन ओळींचा मजकूर, की संपलं. त्यानंतर जे ऐकू येतं ते तिथलंच: माणसांच्या हाका, जनावरांच्या टापा, वारा आणि गाणी.

त्यातही फिल्म रंगीत आणि सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याची. तेव्हा असा थाट मोठमोठ्या ऐतिहासिक चित्रपटांसाठी राखून ठेवलेला असे. दे सेताने तो विळा चालवणाऱ्या मजुरासाठी वापरला. सम्राटाला जेवढा पडदा, तेवढाच गहू कापणाऱ्याला. हे त्याने कुठे बोलून दाखवलेलं नाही, पण बघणाऱ्याला ते कळतं.

पडद्यावर काय घडतं?

थोडक्यात सांगायचं तर गहू कापतात, बांधतात, मळतात आणि उफणतात. बस्स. हीरो नाही, व्हिलन नाही. आमच्या कॉलेजच्या फिल्म क्लबमध्ये ही लागली तेव्हा मागच्या रांगेतून "स्टोरी काय आहे?" असा प्रश्न आलाच. स्टोरी आहे, पण ती माणसांची नसून गव्हाची आहे. उभं पीक असतं, त्याचे दाणे होतात. मधल्या प्रत्येक पायरीला कोणाची तरी कंबर मोडते.

माझं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये झालेलं. त्यामुळे ‘हार्वेस्टिंग, थ्रेशिंग, विनोइंग’ हे शब्द मला सहावीपासून पाठ होते. ते काम डोळ्यांसमोर मात्र कधी आलं नव्हतं. फिल्म बघून घरी आल्यावर आजीला सगळं वर्णन करून सांगितलं आणि ती एकेका गोष्टीचं नाव सांगत गेली. म्हणून पुढचे शब्द आजीचे आहेत आणि इंजिनिअरिंग माझं.

*एक, सोंगणी.* डाव्या हातात गव्हाची मूठ धरायची, उजव्या हाताने विळा ओढायचा. सिसिलीतले कापणारे डाव्या हाताच्या बोटांत वेताच्या पोकळ नळ्या घालत, विळा लागून बोट जाऊ नये म्हणून. हे झालं त्यांचं सेफ्टी इक्विपमेंट! कुठल्याही कंपनीने बनवलेलं नाही, ज्याची बोटं होती त्यानेच शोधलेलं. मुठींची पेंढी होते, पेंढ्या खेचरांच्या पाठीवरून खळ्यावर जातात.

*दोन, मळणी.* आपल्याकडे खळ्याच्या मधोमध खांब असतो, त्याला तिवडा म्हणतात. त्याला बैलांची पात बांधायची आणि गोल गोल फिरवायची. सिसिलीत तिवड्याच्या जागी चक्क माणूस उभा असतो. तो दोर धरून मधोमध राहतो आणि खेचरं त्याच्याभोवती दौडतात. त्यांच्या खुरांखाली कणसं चिरडून दाणा सुटतो. आजीने इथे एक मस्त गोष्ट सांगितली. पातीतला म्हातारा, संथ बैल तिवड्याजवळ बांधतात आणि तरणा बाहेरच्या कडेला. का? हिशोब करा. आतला बैल तिवड्यापासून दीड मीटरवर असेल आणि बाहेरचा साडेचार मीटरवर, तर एका फेरीत बाहेरच्याला तिप्पट अंतर चालावं लागतं. गाडीच्या चाकांना वळणावर हाच प्रॉब्लेम येतो म्हणून आपण डिफरन्शियल बसवतो. शेतकऱ्याने बैल निवडून तो सोडवला होता. व्हायव्हात विचारलं तर हे उदाहरण देऊन बघा.

*तीन, उफणणी.* आता येतो फिल्मचा सगळ्यात सुंदर भाग. मळलेला ढीग लाकडी काट्याने वर उडवतात. वारा भुसा बाजूला नेतो आणि दाणा जवळच खाली पडतो. सोनेरी ढग उठतो, बसतो, पुन्हा उठतो. आपल्याकडे वावडीवर, म्हणजे उंच तिवईवर उभं राहून पाटीतून धान्य खाली सोडतात. तत्त्व तेच.

हे तत्त्व फ्लुइड मेकॅनिक्समधलं आहे. हवेतून पडणाऱ्या प्रत्येक वस्तूला एक अंतिम वेग असतो, टर्मिनल व्हेलॉसिटी. गव्हाच्या दाण्याचा साधारण ७ ते ९ मीटर प्रतिसेकंद, भुशाचा त्याच्या कितीतरी कमी. मी वहीच्या मागच्या पानावर ढोबळ गणित करून पाहिलं. भुशाचा अंतिम वेग दीड मीटर प्रतिसेकंद धरला, वाऱ्याचा तीन मीटर, आणि उंची दोन मीटर. दाणा वाऱ्याने थोडासाच सरकतो आणि भुसा चार मीटर लांब जाऊन पडतो. म्हणजे चाळण नाही, वीज नाही, तरी काम चोख. अट एकच, वारा पाहिजे. तोही बेताचा. पडला तर काम थांबलं, जोरात आला तर दाणेही गेले. म्हणून माणसं वाऱ्याची वाट बघत बसतात.

आता फिल्मच्या नावाकडे या. इटालियनमध्ये ‘पाराबोला’ म्हणजे बोधकथा, आणि ‘पाराबोला’ म्हणजे आपला गणितातला पॅराबोलाही! तेव्हा ‘पाराबोला दोरो’ म्हणजे सोन्याची बोधकथा, किंवा सोन्याचा पॅराबोला. काट्यावरून उडालेला दाणा हवेत जी वक्ररेषा काढतो ती बघितली की दुसरा अर्थ मनातून जात नाही. एम-वनच्या पुस्तकात इतका देखणा पॅराबोला मी पाहिलेला नाही.

तीच फिल्म, कंबाईनच्या पोटात

आता गंमत बघा. आजकाल गव्हाच्या हंगामात आपल्याकडे पंजाबहून मोठमोठे हार्वेस्टर येतात. एका बाजूने उभं पीक आत, दुसऱ्या बाजूने दाणे बाहेर. पण त्याचं ड्रॉइंग उघडलं तर आत काय दिसतं? पुढे कटर बार, म्हणजे विळा. पिकाला पात्यावर ओढणारी रील, म्हणजे डावा हात. मग ड्रम आणि कॉन्केव्ह, त्यांच्या फटीत कणीस घासून दाणा सुटतो, म्हणजे खेचरांचे खुर. मग स्ट्रॉ वॉकर, काड हलवून हलवून बाजूला काढणारा, म्हणजे लाकडी काटा. शेवटी पंखा आणि चाळणी, म्हणजे वारा. क्रमसुद्धा तोच. ज्यांनी हे यंत्र बनवलं त्यांनी नवीन प्रक्रिया शोधली नाही. जुनी प्रक्रिया नीट बघितली आणि एका पत्र्याच्या पेटीत बसवली.

मला या फिल्मचं महत्त्व इथे वाटतं. आपण चार वर्षं ‘प्रॉब्लेम स्टेटमेंट’ लिहायला शिकतो. पण ते बहुतेक वेळा लायब्ररीत बसून, मागच्या बॅचच्या रिपोर्टवरून लिहिलेलं असतं. काम करणारा माणूस कुठे वाकतो, कुठे थांबतो, हात कुठपर्यंत नेतो, हे आपण बघितलेलंच नसतं.

त्याची किंमत कोण देतं? मळणीयंत्राचंच उदाहरण घ्या. वीज किंवा ट्रॅक्टरवर चालणारी मळणीयंत्रं गावोगाव गेली आणि पेंढ्या आत ढकलताना हात ओढले जाऊ लागले. बोटं, मनगटं, कधी पूर्ण हात. हे इतकं वाढलं की १९८३ साली संसदेला त्यासाठी ‘धोकादायक यंत्रे (नियमन) कायदा’ करावा लागला. त्यात यंत्रावरच्या सुरक्षिततेच्या अटी आहेत आणि जखमी मजुराला भरपाईची तरतूद आहे. उपाय काय होता? पेंढी आत सारायचं तोंड पुरेसं लांब आणि वरून झाकलेलं हवं, म्हणजे हात ड्रमपर्यंत पोचतच नाही. काही रॉकेट सायन्स नाही. पण त्यासाठी आधी कोणीतरी यंत्राशेजारी उभं राहून, थकलेला माणूस दिवस मावळताना पेंढी कशी सारतो ते बघायला हवं होतं. सिसिलीच्या मजुराने वेताच्या नळ्या बोटांत घातल्या, कारण बोटं त्याची होती. आपण डिझाइन करतो तेव्हा बोटं दुसऱ्याची असतात.

आवाजाची करामत

ईएनटीसीवाल्यांसाठी हा भाग. १९५५ साली चित्र आणि आवाज बाहेर शेतात एकाच वेळी, जुळवून रेकॉर्ड करणं फार अवघड होतं. कॅमेरा एका वेगाने चालणार, टेपरेकॉर्डर दुसऱ्या. टेपचा वेग नुसता अर्धा टक्का चुकला तरी दहा मिनिटांत ३ सेकंदांचा फरक पडतो. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे ७२ फ्रेम. ओठ आत्ता हलले आणि शब्द मागाहून आले, असा प्रकार.

दे सेताने यातून वेगळी वाट काढली. आवाज तिथेच, पण वेगळा टेपवर घेतला आणि एडिटिंगच्या वेळी चित्र त्या आवाजाच्या तालावर बसवलं. म्हणून या फिल्म्समध्ये कोणी कॅमेऱ्याकडे बघून मुलाखत देत नाही. खेचरांना हाकताना लावलेला लांब सूर ऐकू येतो, त्यात दमलेला श्वास आणि देवाधर्माची नावं मिसळलेली असतात. भाषा कळत नाही, अर्थ कळतो. आपल्याकडे शेतात काम करताना भलरी म्हणतात तेही असंच. हातांना ताल मिळतो आणि उन्हाचा थोडा विसर पडतो.

पुढे हलके कॅमेरे आणि त्यांच्याशी जुळून चालणारे टेपरेकॉर्डर आले आणि १९६० च्या सुमारास अमेरिकेत आणि फ्रान्समध्ये माणसांच्या मागे मागे फिरणारा नवा माहितीपट सुरू झाला. ‘निरीक्षणात्मक’ हे लेबल त्याच्याही नंतरचं. दे सेताने ती शिस्त लेबलच्या आणि यंत्राच्या आधीच पाळलेली होती.

पण हे खरं आहे का?

निवेदक नाही म्हणजे दिग्दर्शकाने काहीच केलं नाही, असं समजू नका. दहा मिनिटांची ३५ एमएम फिल्म म्हणजे १४,४०० फ्रेम, लांबी सुमारे २७४ मीटर. यातली प्रत्येक फ्रेम कोणीतरी निवडलेली आहे. पहाटेपासून सुरू होऊन एका दिवसात सगळं उरकल्यासारखं वाटतं, पण कापणी ते उफणणी एका दिवसात होत नाही. त्याने वेगवेगळे दिवस जोडून एक दिवस तयार केला.

माहितीपटात ही ओढाताण पहिल्यापासून आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टीने ‘नॅनूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) काढली तेव्हा इग्लूच्या आत उजेड पुरत नव्हता, म्हणून अर्धाच, उघडा इग्लू बांधून घेतला. त्याच्याच ‘मॅन ऑफ आरान’मध्ये (१९३४) आयर्लंडचे बेटवासी प्रचंड शार्कची शिकार करताना दिसतात. प्रत्यक्षात ती पद्धत तिथे कित्येक दशकांपूर्वीच बंद पडली होती, फिल्मसाठी त्यांना ती नव्याने शिकवावी लागली! त्या मानाने दे सेता पुष्कळ प्रामाणिक. त्याची माणसं जे काम करतात, ते त्यांचं रोजचंच होतं.

तरीसुद्धा एक गोष्ट खटकते. फिल्ममध्ये मजुरी किती ते कळत नाही. जमीन कोणाची तेही कळत नाही. याच सिसिलीत १ मे १९४७ रोजी पोर्तेल्ला देल्ला जिनेस्त्रा इथे कामगार दिनासाठी जमलेल्या शेतकऱ्यांवर डाकूंनी गोळीबार केला, ११ जण मारले गेले. जमिनीच्या मागणीसाठी तिथे मोठं आंदोलन चालू होतं. १९५० साली जमीन सुधारणेचा कायदा झाला. फिल्म त्यानंतर पाचच वर्षांची. पडद्यावर मात्र नुसता गहू आणि ऊन. ज्या वर्षी ही फिल्म आली त्याच वर्षी उत्तरेला तुरिनमध्ये फियाटने ‘६००’ ही छोटी कार बाजारात आणली, आणि दक्षिणेतली तरुण माणसं उत्तरेकडच्या कारखान्यांत, जर्मनीत, बेल्जियममध्ये लाखोंनी गेली. त्यांना खळ्यावरची गाणी आवडत नव्हती असं नाही. पोट भरत नव्हतं.

म्हणजे निवेदक काढून टाकला की खोटं बोलण्याची एक वाट बंद होते, पण न बोलण्याची वाट उघडी राहते. फिल्म जे दाखवते ते डोळ्यांनी बघायचं, आणि जे दाखवत नाही ते विचारून, वाचून भरून काढायचं. आजीला मी "किती छान ना?" म्हटलं, तेव्हा ती म्हणाली, "छान बघायला. मळणीचं कुसळ अंगात गेलं की आठ दिवस झोप नाही यायची." दोन्ही खरं आहे. एकाने दुसरं खोटं ठरत नाही.

दे सेताला हे कळत नव्हतं असंही वाटत नाही. १९५९ च्या त्याच्या ‘इ दिमेन्तिकाती’ या फिल्मचं नावच ‘विसरलेली माणसं’ असं आहे. कलाब्रियातल्या एका डोंगरी गावाची ती गोष्ट, जिथे तेव्हा गाडीरस्तादेखील पोचलेला नव्हता. २०११ साली तो गेला. त्याआधी त्याच्या या फिल्म्स जतन करून पुन्हा लोकांसमोर आणल्या गेल्या, आणि मार्टिन स्कॉर्सेसीसारख्या दिग्दर्शकाने त्यांचं मनापासून कौतुक केलं.

आपण काय करायचं?

आपल्याकडेही हे काम कोणी केलंच नाही असं नाही. पुण्याच्या हेमा राइरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगाव फिरून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. १ लाखाहून जास्त! २०१७ पासून त्या ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या संग्रहात टप्प्याटप्प्याने येत गेल्या, काही आवाजासकट. दळणाची गिरणी आली आणि जातं थांबलं. गिरणी यायलाच हवी होती, पण त्या बायका दळताना काय बोलत होत्या हे तरी राहिलं.

आपल्या हातात आज जो फोन आहे त्यात दे सेताला हवं होतं ते सगळं आहे. चित्र आणि आवाज जुळवायची कटकटसुद्धा नाही. तेव्हा सुट्टीत गावी गेलात तर एक काम निवडा. कुंभाराचं चाक, लोहाराचा भाता, गुऱ्हाळ, मासे सुकवणं, काहीही. आधी विचारा, परवानगी घ्या. मग दहा मिनिटं शूट करा. तीन नियम पाळा. स्वतः बोलायचं नाही. वर गाणं चिकटवायचं नाही. आणि काम पूर्ण होईपर्यंत कॅमेरा बंद करायचा नाही, मधे कंटाळा आला तरी. नंतर त्याच माणसाजवळ बसून ते त्याला दाखवा आणि प्रत्येक वस्तूचं नाव विचारून लिहून घ्या. मोबदला किती मिळतो, जागा कोणाची, पुढची पिढी हे करणार का, तेही विचारा. दे सेताने जे सोडलं, ते आपण भरू शकतो.

मग फायनल इयरला प्रोजेक्टचा विषय शोधायला मागच्या बॅचचे रिपोर्ट उघडायची गरज पडणार नाही. विषय फोनमध्येच असेल. आणि हो, डिझाइन करताना एवढं लक्षात ठेवा, की बोटं कोणाची आहेत.